गणपूर्तीसाठी एक प्रेमकथा

प्रेमकथा लिहायचं माझं वय केव्हाच निघून गेलं होतं, आणि वय होतं तेव्हा इच्छा नव्हती. मी जे काही केलं ते लिफ्टसाठी केलं. तसं सोसायटीच्या इतिवृत्तात नमूदही आहे, कारण इतिवृत्त मीच लिहितो. तरी आजही आमच्या इमारतीतली माणसं मला जिन्यात गाठून, डोळे बारीक करून, "काय लेखक, पुढे काय?" असं विचारतात. तेव्हा आपल्या सत्तावीस वर्षांच्या नोकरीवर कुणीतरी बोळा फिरवला असं मला वाटतं.

नोकरी पाणीपुरवठा खात्यात. काम पत्रं लिहिण्याचं. ज्यांचं मीटर बंद आहे त्यांना, जे मीटरवर कुंड्या ठेवतात त्यांना, आणि मीटर नावाची वस्तू आपल्या घराला आहे हेच ज्यांना ठाऊक नाही त्यांना मी सत्तावीस वर्षं पत्रं लिहीत आलो आहे. माझं पत्र कुणी दोनदा वाचत नाही, कारण एकदाही कुणी पूर्ण वाचत नाही. पण त्यात काना-मात्रेची चूक दाखवून द्यावी कुणीही. सोसायटीचा सचिव म्हणून नोटीसबोर्डावरच्या सूचनाही मीच लिहितो. त्यांची सुरुवात 'उपरोक्त विषयास अनुसरून' अशी होत असल्यामुळे इमारतीत मला 'उपरोक्त' म्हणतात. समोर नाही म्हणत. पण एकदा तिसऱ्या मजल्यावरच्या एका बाईंनी आपल्या लहान मुलीला "उपरोक्त काकांना वाट दे," असं सांगितलं, आणि मग माझ्या लक्षात आलं.

तर लिफ्ट. या सगळ्याच्या सात महिने आधी ती दोन मजल्यांच्या मध्ये अडकली. आत दातांचे डॉक्टर होते. पहिल्या मजल्यावर त्यांचा दवाखाना आहे आणि त्यांना जेमतेम एक मजला चढायचा होता, पण ते असो. त्यांना बाहेर काढल्यावर लिफ्ट निरीक्षक आले, त्यांनी मोटर पाहिली, मान हलवली आणि दाराला सील ठोकून गेले. नवी मोटर बसवल्याशिवाय लिफ्ट सुरू करायची नाही.

आम्ही चौथ्या मजल्यावर राहतो. मी, बायको आणि माझी आई. आईचं वय चौऱ्याहत्तर, गुडघे त्याहून जुने. जिना चढायचा-उतरायचा नाही असं डॉक्टरांनी बजावलेलं. पूर्वी ती रोज संध्याकाळी लिफ्टने खाली जायची, फाटकाजवळच्या बाकावर तासभर बसायची आणि वर यायची. मोकळ्या हवेसाठी, अशी माझी समजूत. लिफ्ट बंद झाली आणि ते संपलं. सात महिने ती खाली उतरली नाही. तक्रार एकदाही केली नाही, फक्त संध्याकाळ झाली की खिडकीशी जाऊन उभी राहायची. आमच्याकडे हवा खिडकीतूनच येत असल्यामुळे मला त्यात वावगं काही दिसलं नाही.

आईचा एकच त्रास होता. तिच्या उशाशी एक गजराचं घड्याळ होतं आणि ते दर आठवड्याला बंद पडायचं. तळमजल्यावर एक घड्याळवाले काका राहतात. आयुष्यभर घड्याळं दुरुस्त केली, आता दम्यामुळे दुकान सोडलं, पण घरातल्या खिडकीशी टेबल मांडून अजून बसतात. आई दर शनिवारी ते घड्याळ फडक्यात गुंडाळून माझ्या हातात द्यायची आणि मी ते काकांना नेऊन द्यायचो. दुसऱ्या दिवशी ते चालू होऊन परत यायचं आणि पुढच्या शनिवारी पुन्हा बंद. इतका सुमार कारागीर मी दुसरा पाहिला नाही. बरं, दर वेळी गजर साडेपाचवर लावून द्यायचे. घड्याळाला सकाळ-संध्याकाळ कळत नाही, त्यामुळे तो पहाटेही वाजायचा आणि झोपमोड माझी व्हायची. दुरुस्तीचे पैसे मात्र काका घेत नसत. मला वाटायचं, काम जमत नाही म्हणून संकोच वाटत असेल. मी मोठ्या मनाने त्यांना कधी काही बोललो नाही.

नव्या मोटरीची परवानगी मिळवायला मी लिफ्ट निरीक्षकांच्या कार्यालयात अकरा वेळा गेलो. तिथला कारकून माझ्याच जातकुळीचा, म्हणजे कागद उलटा धरला तरी त्यातली उणीव सांगणारा. मला त्याच्याबद्दल आदर वाटला आणि त्याचा गळा दाबावासाही वाटला. त्याने सांगितलं की परवानगी या महिन्याच्या तीस तारखेपर्यंतच आहे. तोवर सोसायटीचा ठराव आला नाही तर नवा अर्ज, आणि नव्या अर्जाला वर्ष तरी लागतं. ठरावाला दोनतृतीयांश सभासद प्रत्यक्ष हजर हवेत. आमची घरं तीस, म्हणजे वीस सभासद. घरोघरी फिरून घेतलेल्या सह्या चालणार नाहीत, मागच्या वेळी कुठल्याशा इमारतीने वारलेल्या माणसाची सही आणली होती. म्हणून सगळ्या वीस जणांचा, एका जागी, सभा चालू असतानाचा फोटो हवा.

वीस. आमच्या पहिल्या सभेला पाच जण आले. दुसरीला सात, त्यातले दोघं नळदुरुस्तीवाल्याचा पत्ता विचारायला आले होते. तिसरीला चार. तळमजला आणि पहिला मजला म्हणे, आम्हाला लिफ्ट लागतच नाही. तिसरा आणि चौथा म्हणे, आम्ही एकदा वर चढलो की सभेसाठी पुन्हा खाली कोण उतरणार. दुसरा मजला काहीच म्हणत नसे, दार उघडत नसे. मी सूचना लिहिल्या, ठळक लिहिल्या, खाली दोन रेघा मारल्या. शेवटच्या सूचनेवर कुणीतरी चेंडूचा छाप उमटवला होता. बायको म्हणाली, "अहो, तुमची सूचना मी पण वाचत नाही. पहिल्या ओळीलाच झोप येते."

आणि मग एका सकाळी दूध उतू गेलं. बायको गॅसपाशी उभी राहून साप्ताहिकातली क्रमशः कादंबरी वाचत होती. मी "दूध, दूध" असं निदान चार वेळा म्हणालो. दूध शेगडीवरून ओट्यावर, ओट्यावरून जमिनीवर गेलं आणि तिच्या पायाला लागलं तेव्हा तिने वर पाहिलं. त्या कादंबरीतल्या नायकाने नायिकेचं पत्र उघडलं की नाही, एवढाच तिढा होता. तो उघडणार हे मला न वाचता ठाऊक होतं, तिलाही ठाऊक असावं. तरी अर्धा लिटर दूध गेलं. लादी पुसता पुसता माझ्या डोक्यात आलं, की या गोष्टीपायी बाई दूध सोडते, तर तिच्यापायी सभासद घर का सोडणार नाही? सूचनेखाली एक प्रेमकथा क्रमशः लावायची आणि शेवटचा भाग सभेत वाचायचा, ठराव झाल्यावर.

पहिला भाग मी एका बैठकीत लिहिला. एक तरुण अभियंता टेकडीवर उभा असतो, एक तरुण डॉक्टर तिथे येते. तो भाग माझ्यापाशी अजून आहे. त्यातलं एक वाक्य असं: 'तिने त्याच्याकडे एक दृष्टिक्षेप टाकला. सदर दृष्टिक्षेपाची त्याने तात्काळ नोंद घेतली व तो तिच्या नयनांच्या सरोवरात उतरला.' पानाच्या शेवटी दोघं आलिंगन देतात. बोर्डावर कागद लावून मी दोन दिवस जिन्याखाली उभा राहून पाहिलं. एकच माणूस थांबला. त्याने कोरी जागा बघून त्यावर 'जुना फ्रिज विकणे आहे' असं लिहिलं.

त्या दिवशी मी जेवलो नाही, निदान पोटभर जेवलो नाही. आईने कारण विचारलं. मी तिला तो भाग वाचून दाखवला. ती डोळे मिटून ऐकत होती. मला वाटलं भारावली. वाचून झाल्यावर ती म्हणाली, "एवढी घाई कसली रे त्यांना? पहिल्याच पानावर गळ्यात पडले तर दुसरं पान कुणी कशाला वाचावं?"

मी सांगितलं की त्यांचं एकमेकांवर प्रेम आहे.

"असेल. पण तिला त्याचं आवडलं काय?"

"स्वभाव," मी म्हणालो.

"स्वभाव कुणाला आवडतो? स्वभाव सोसावा लागतो. आवडतं ते बारीकसं काहीतरी असतं, माणूस सांगायलासुद्धा लाजतो." ती थोडा वेळ चादरीची शिवण चाचपत राहिली. "म्हणजे बघ, तो कुठलीही वस्तू उघडायच्या आधी तिच्यावर हळूच फुंकर मारतो. डबा असो, पुस्तक असो. धूळ नसली तरी. आणि ती ते बघते, पण आपण बघितलं असं त्याला कळू देत नाही."

मला हे फार थिल्लर वाटलं. फुंकर मारणाऱ्या अभियंत्याला कोण नोकरी देईल? पण लिहून घेतलं. आईने आणखीही सांगितलं. दोघांच्या मध्ये काहीतरी आडवं हवं, आणि ते खलनायक वगैरे नको, रोजचंच हवं, वाचणाऱ्याला वाटलं पाहिजे की एवढं साधं अडलंय आणि तरी सुटत नाही. दोघांनी मनातलं बोलायचं नाही, भलतंच काहीतरी बोलायचं. आणि भेट लांबवायची, पण वाचणाऱ्याला हातभर अंतरावर भेट दिसत राहिली पाहिजे. माझ्या आईने आयुष्यात वाण्याच्या यादीपलीकडे काही लिहिलेलं नाही. हे सगळं हिला कुठून सुचतं, असा प्रश्न मला पडला. बाबा जाऊन अकरा वर्षं झाली, आणि ते डबा उघडताना कधी फुंकर मारत नसत. ते डबा उघडतच नसत, आई उघडून द्यायची. मग मी म्हटलं, साप्ताहिकं वाचत असेल, आणि विषय सोडून दिला.

दुसऱ्या भागाला कार्यकारिणी आडवी आली. आमचे अध्यक्ष निवृत्त भूमापक आहेत. चाळीस वर्षं त्यांनी लोकांच्या जमिनी मोजल्या आणि आता सोसायटीतल्या गाड्यांमधलं अंतर मोजतात. त्यांनी नियमावली काढून दाखवली की बोर्डावर फक्त सोसायटीच्या कामकाजासंबंधी मजकूर लावता येतो. टेकडी सोसायटीच्या हद्दीत येत नाही. प्रेमाला त्यांची हरकत नव्हती, जागेला होती. शेवटी दुरुस्ती सुचवून मंजूर झाली, की प्रेम इमारतीच्या आवारातच व्हावं आणि त्याचा लिफ्टशी संबंध असावा. म्हणून माझी नायिका चौथ्या मजल्यावर राहायला आली आणि नायक तळमजल्यावर. मधली लिफ्ट बंद. तो खाली बाकावर बसतो, ती वर खिडकीत उभी राहते. बोलणं होत नाही. मला हे आयतंच मिळालं आणि मी अध्यक्षांचे मनातल्या मनात आभार मानले.

दुसऱ्या भागापाशी सहा माणसं थांबली. तिसऱ्यापाशी चौदा. फुंकर आली त्या भागाला बोर्डासमोर इतकी दाटी झाली की खाली पार्किंगमधून स्कूटर काढता येईना. मी नाइलाजाने गाडीची चावी शोधत असल्याचं सोंग करून लोक काय म्हणतात ते ऐकत होतो. "ती फुंकर बघ," कुणी म्हणालं, "काय अचूक पकडलंय." त्याच भागात मी पुन्हा घातलेल्या सरोवराबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. उलट त्या वाक्याभोवती पेन्सिलने कंस करून 'हे गाळा' असं लिहिलेलं होतं. सत्तावीस वर्षांत माझ्या मसुद्याला साहेबानेसुद्धा पेन्सिल लावली नव्हती. पण मी गिळलं, कारण वीस सभासद हवे होते.

मग दातांच्या डॉक्टरांनी शंका काढली. अठ्ठावीस वर्षांच्या अभियंत्याला चार मजले चढायला काय धाड भरली आहे? मी घरी येऊन नायकाचा पाय मोडायला बसलो. आई म्हणाली, पाय नको, पाय महिन्यात बरा होतो, त्याला दमा दे. दिला. लगेच तिसऱ्या मजल्यावरच्या नर्सबाईंनी विचारलं, ठीक आहे, मग ती का नाही उतरत? आई म्हणाली, तिचे गुडघे. मी कळवळून सांगितलं की ती चोवीस वर्षांची आहे. आई म्हणाली, असतात काहींचे. तेव्हा माझ्या कथेत चोवीस वर्षांची संधिवात झालेली नायिका आणि अठ्ठावीस वर्षांचा दमेकरी नायक असे दोघं झाले. आता लोक हसणार, या भीतीने मी त्या दिवशी ऑफिसला मागच्या दाराने गेलो. कुणी हसलं नाही. नर्सबाईंनी तर भर जिन्यात माझा हात धरला आणि डोळ्यांत पाणी आणून म्हणाल्या, "फार छान करताय हो तुम्ही. मुलगा असावा तर असा." या दोन वाक्यांचा एकमेकींशी काय संबंध, ते मला कळलं नाही. मी तो शैलीचा परिणाम समजलो आणि मान तुकवली.

घड्याळवाले काकाही वाचायचे. डोळ्याला ते काळं भिंग लावून, बोर्डाच्या अगदी जवळ जाऊन, एकेक ओळ. एका शनिवारी मी घड्याळ द्यायला गेलो तेव्हा त्यांनी डोळ्यावरचं भिंग काढून ठेवलं. मग म्हणाले, "शेवट ठरलाय का तुमचा?" मी लेखकासारखं गूढ हसलो, कारण शेवट ठरलेला नव्हता. ते म्हणाले, "भेटवा त्यांना. फार झालं आता." आणि घड्याळ हातात घेऊन त्याच्या पाठीवर हळूच फुंकर मारली. मी ते पाहिलं. माझ्या मनात एवढंच आलं, की बघा, साहित्याचा वाचकावर किती परिणाम होतो.

सभा रविवारी संध्याकाळी पाच वाजता, पार्किंगमध्ये. तारीख एकोणतीस. मी खाली उतरलो तो खुर्च्या पुरेनात. साठ-पासष्ट माणसं. ज्यांचं तोंड मी कधी पाहिलं नव्हतं तो दुसरा मजला अख्खा हजर होता. लोक ठराव लवकर उरका म्हणत होते. मग अध्यक्षांनी सभासदांची यादी उघडली आणि मोजायला सुरुवात केली.

मोजताना उघड झालं ते असं. आलेल्यांत कुणाच्या बायका होत्या, कुणाचे भाऊ, कुणाच्या सासवा, एक दातांचा पेशंटही होता, तोंडात कापूस घेऊन. ज्यांच्या नावावर घर आहे ते खरे सभासद भरले एकोणीस. अध्यक्षांनी दोनदा मोजलं. मी म्हटलं, माझं नाव राहिलं असेल. त्यांनी यादीवर बोट ठेवलं. आमचं घर बाबांच्या पश्चात आईच्या नावावर झालं होतं. त्याचे कागद मीच केले होते. नऊ वर्षं मी ज्या सोसायटीचा सचिव आहे तिचा मी सभासदच नव्हतो. पार्किंगमध्ये कुणीतरी हसलं आणि पासष्ट माणसांनी ते हसू माझ्यापर्यंत पोचवलं.

विसावा सभासद चौथ्या मजल्यावर होता, आणि लिफ्ट मंजूर झाल्याशिवाय खाली येऊ शकत नव्हता.

दातांचे डॉक्टर म्हणाले, आजींना खुर्चीत बसवून चौघांनी खाली आणू. मी वर जाऊन विचारलं. आई म्हणाली, मी काय कपाट आहे? मग अध्यक्षांनी नियमावली चाळली आणि निर्णय दिला की सभा आवारात कुठेही हलवता येते, तर सभाच चौथ्या मजल्यावर न्यावी. लोक उठले, जिन्याकडे निघाले, अर्धे वरही गेले. तेवढ्यात नर्सबाईंनी आवाज दिला. घड्याळवाले काका खालीच होते. पहिल्या पायरीशी, कठडा धरून. त्यांना चार मजले म्हणजे थेट दवाखानाच, असं नर्सबाईंनी स्पष्ट सांगितलं. आणि काका एकोणिसांतले एक होते. खाली सभा घेतली तर आई नाही, वर घेतली तर काका नाहीत. कुठेही गेलं तरी एकोणीसच.

मी जिन्याच्या मध्ये कागद हातात घेऊन उभा होतो. उद्या तीस तारीख. वर्षभर आई खिडकीतच. मी रडायच्या बेताला आलो होतो आणि सगळी इमारत माझ्याकडे बघत होती. अध्यक्ष जिन्यामधल्या पोकळीतून वर पाहत ओठांतल्या ओठांत काहीतरी मोजत होते. चाळीस वर्षांची सवय. मग ते म्हणाले, "तळमजला ते चौथा. मध्य दुसरा. सभा दुसऱ्या मजल्यावर, जिन्यालगतच्या मोकळ्या जागेत होईल. दोन्ही सभासदांनी समसमान अंतर यावं."

मी आईला सांगायला गेलो तर ती साडी बदलून तयार होती. हातात फडक्यात गुंडाळलेलं घड्याळ. मी म्हटलं, ते कशाला आता? ती म्हणाली, बंद पडलंय. नर्सबाईंनी एक बाजू धरली, मी दुसरी. एकेक पायरी. दर सहा पायऱ्यांनी बायको खुर्ची टेकायची, आई बसायची, पुन्हा उठायची. चेहरा वेदनेने आवळला होता, पण एकदाही थांबूया म्हणाली नाही. खालून काका येत होते. त्यांच्यासाठी दातांच्या डॉक्टरांनी दवाखान्यातलं स्टूल आणलं होतं. दर सहा पायऱ्यांनी स्टूल टेकण्याचा आवाज यायचा आणि आईची पावलं जरा उचल खायची. दोन्ही बाजूंना भिंतीला पाठ लावून माणसं उभी होती आणि पोरंसोरं गप्प होती. असं शांत जमावाचं दृश्य मी माझ्या कुठल्याही सूचनेसमोर पाहिलेलं नव्हतं.

दुसऱ्या मजल्यावरच्या त्या मोकळ्या जागेत दोघं समोरासमोर आली. काकांना धाप लागली होती. आईने घड्याळ पुढे केलं. त्यांनी फडकं सोडलं, घड्याळाच्या पाठीवर हळूच फुंकर मारली, झाकण काढलं. आतला सेल उलटा बसवलेला होता. बाकी काहीही झालेलं नव्हतं. त्यांनी तो सुलटा केला आणि मनगटावरचं घड्याळ बघून काटे जुळवले.

"उशीर झाला," ते म्हणाले.

"सात महिने," आई म्हणाली.

मी बायकोकडे पाहिलं. ती माझ्याकडे ज्या नजरेने बघत होती, त्या नजरेने माणूस दुसरीत तिसऱ्यांदा बसलेल्या मुलाकडे बघतो. ती कुजबुजली, "अहो, सात महिने दर शनिवारी सेल उलटा. तुम्ही कधी उघडून पाहिलंत?" मी भोवती पाहिलं. नर्सबाई, दातांचे डॉक्टर, अध्यक्ष, दुसरा मजला, तो कापूसवाला पेशंटसुद्धा. सगळ्यांना ठाऊक होतं. बोर्डावर मी माझ्या आईची गोष्ट माझ्याच अक्षरात, माझ्या सहीनिशी आणि सोसायटीच्या शिक्क्यासह लावत होतो आणि एकटा मीच ती कल्पनाशक्ती समजत होतो.

आधी राग आला. लोकांपुढे हसं झालं त्याचा. पण तो फार टिकला नाही, कारण त्याच्यामागून लाज आली आणि ती मोठी होती. सात महिने मी माझ्या पोटऱ्या दुखतात म्हणून कुरकुरत होतो. ती रोज साडेपाचला खिडकीशी का जाते, हे मी एकदाही तिच्या शेजारी उभं राहून, खाली डोकावून पाहिलं नव्हतं.

ठराव एकमताने मंजूर झाला. वीसही सभासदांना तिथेच आणि पायऱ्यांवर बसवून फोटो काढला. मग माझ्या लक्षात आलं की शेवटचा भाग वाचायचं वचन आहे. मी घसा साफ करून कागद उलगडला. अध्यक्ष माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, राहू द्या, पुढचं कळलं सगळ्यांना. आणि लोक चक्क पांगले. आठ भाग लिहिलेल्या माणसाचा नववा भाग ऐकायला एकच जीव थांबला. तोही मुका होता, त्याच्या तोंडात कापूस होता.

दुसऱ्या दिवशी मी फोटो आणि ठराव घेऊन त्या कारकुनाकडे गेलो. त्याने वीस डोकी मोजली. मग मधल्या दोघांवर बोट ठेवून, संशयाने माझ्याकडे बघत, ही सभा आहे की लग्न, असं विचारलं. मी म्हटलं, सभा. त्याने शिक्का मारला.

लिफ्ट सुरू झाल्यावर पुढच्या सभेला न बोलावता सव्वीस सभासद आले. अध्यक्षांनी स्वतःहून एक ठराव मांडला. मी तो इतिवृत्तात नेहमीसारखा लिहून काढला आणि बोर्डावर लावला. संध्याकाळी बायको भाजी घेऊन आली ती पिशवी हातात तशीच धरून बोर्डासमोर उभी होती. वर आल्यावर ती डोळे पुसत पाण्याचा पेला भरत राहिली. मी विचारलं, काय झालं? ती म्हणाली, "तुम्ही एवढं लिहिलंत, त्यातलं हे एकच मी शेवटपर्यंत वाचलं. दोनदा वाचलं."

मजकूर असा होता: 'उपरोक्त विषयास अनुसरून कळविण्यात येते की, यापुढे दररोज सायंकाळी ठीक साडेपाच वाजता लिफ्ट चौथ्या मजल्यावर रिकामी उभी राहील. इतर सभासदांनी त्या वेळी जिना वापरावा. सर्वानुमते मंजूर.'